दहावी गणित: समीकरणावरून रेषेचा आलेख काढताना तिसरं टिंब रेषेवर येत नसेल तर?

आंबेमोहोर | सोमवार, रात्री १०:१२

नमस्कार मंडळी. मुलगी दहावीला आहे, स्टेट बोर्ड, गणित भाग १ चा पहिलाच धडा, दोन चलांतील रेषीय समीकरणे. आज संध्याकाळी ती २क्ष − ३य = ६ चा आलेख काढत बसली होती. (तिच्या पुस्तकात एक्स आणि वाय आहे पण मी जुन्या सवयीने क्ष आणि य लिहितेय, टाइप करायलाही बरं पडतं.) सारणी केली, क्ष साठी ०, ३ आणि −३ घेतले, बिंदू आले (०, −२), (३, ०) आणि (−३, ०). पहिल्या दोन टिंबांवर पट्टी ठेवली तर तिसरं टिंब पार वर राहिलं. मग तिने काय केलं, खोडरबर घेतला, ते टिंब पुसलं, पट्टीखाली क्ष −३ जिथे येतो तिथे नवीन टिंब दिलं आणि सारणीत जाऊन ० चं −४ केलं.

मी म्हटलं अगं हे काय करतेस. तर म्हणाली, "आई, समीकरण रेषीय आहे ना, मग टिंब रेषेवर यायलाच पाहिजे, मी आणलं."

मी मागे उत्तर बघितलं तर आलेख तंतोतंत बरोबर. आता मला मनातून वाटतंय की हे चुकीचं आहे पण का चुकीचं ते मला तिला समजावून सांगता येईना. माझं गणित बारावीला सुटलं ते सुटलंच. शिवाय मला वाटतं तिला हे टिंब-टिंब नक्की कशासाठी चाललंय तेच माहीत नाही, सारणी भरायची आणि जोडायचं एवढंच डोक्यात आहे. कोणी नीट सांगेल का, तिला वाचून दाखवेन.

---

खडू_फळा | सोमवार, रात्री १०:५०

ताई, तुम्हाला वाटतंय ते बरोबर आहे. मी माध्यमिक शाळेत गणित शिकवतो, हा प्रकार दर वर्षी वहीत दिसतो, पण मुलं सहसा कबूल करत नाहीत, तुमच्या लेकीने सरळ सांगितलं हे फार चांगलं झालं.

आधी चूक कुठे झाली ते सांगतो. क्ष = −३ ठेवला की २ × (−३) म्हणजे −६. मग −६ − ३य = ६. इथून −३य = १२, म्हणून य = −४. तिने बहुतेक −६ आणि ६ एकमेकांना उडवले, म्हणून ० आलं. ऋण चिन्हाची ही नेहमीची जागा आहे, दहातली आठ मुलं इथेच घसरतात असं माझं वह्या तपासून तपासून मत झालंय.

आता टिंब सरकवण्याबद्दल. दोन बिंदूंमधून सरळ रेषा कायम जाते. कुठलेही दोन द्या, चुकलेले द्या, तरी पट्टी ठेवली की रेषा सरळच येणार. म्हणजे दोन बिंदूंवर काढलेली रेषा बरोबर आहे की नाही हे ती रेषा स्वतः सांगूच शकत नाही. ते सांगायला तिसरा बिंदू लागतो. तो साक्षीदार आहे. तुमच्या मुलीने साक्षीदाराला बोलू दिलं नाही, त्याच्या तोंडी आपलं वाक्य घातलं.

आणि यावेळी जमलं ते पहिले दोन बिंदू बरोबर होते म्हणून. समजा तिने पट्टी (०, −२) आणि (−३, ०) वर ठेवली असती तर? तिकडूनही झक्क सरळ रेषा आली असती आणि मग (३, ०) हा बरोबर असलेला बिंदू चुकीचा दिसला असता, तिने तो उचलून (३, −४) वर ठेवला असता आणि सगळंच गेलं. तिला उद्या हेच करून बघायला सांगा, दुसऱ्या आलेख कागदावर.

तिसरा बिंदू रेषेवर नसेल तेव्हा तिघांपैकी कोण चुकलाय ते चित्र बघून कळत नाही. प्रत्येक जोडी परत समीकरणात घालायची. (−३, ०) घातला की डावी बाजू −६ − ० = −६, उजवी बाजू ६. सापडला. एक ओळीचं काम आहे.

---

आंबेमोहोर | सोमवार, रात्री ११:०५

सर खूप आभार, साक्षीदार शब्द तिला लगेच पटेल. एक विचारू का, (३, ०) आणि (−३, ०) हे दोन्ही आडव्या अक्षावरच आलेत यावरून आधीच काही संशय घ्यायला हवा होता का?

---

खडू_फळा | सोमवार, रात्री ११:११

हो! हे तुम्ही स्वतः पकडलंत, शाबास. तिरकी रेषा क्ष अक्षाला एकदाच कापते. एकाच रेषेचे दोन वेगळे बिंदू अक्षावर असतील तर ती रेषा म्हणजे तो अक्षच असायला हवा, आणि मग (०, −२) तिच्यावर येणार कसा. सारणी भरल्या भरल्या, कागदावर टिंब पडायच्याही आधी हे दिसू शकतं.

---

नववी_ते_दहावी | मंगळवार, दुपारी ४:३०

सर मी पण दहावीत आहे. माझा वेगळा प्रॉब्लेम आहे. मी ०, १, २, ३ असे क्ष घेतो आणि य अपूर्णांकात येतो, मग ते एक तृतीयांश वगैरे कागदावर दाखवता येत नाही, अंदाजे टिंब देतो आणि मग रेषा हलते. आमच्या क्लासमध्ये सांगितलंय की ० ठेवून दोन्ही अक्षांवरचे बिंदू काढा बस. ३क्ष − २य = ७ ला तसं केलं तर क्ष ७/३ आला. काय करू

---

खडू_फळा | मंगळवार, संध्याकाळी ६:१५

बाळा, ० ठेवायची पद्धत वाईट नाही, २क्ष + ३य = १२ सारख्या समीकरणाला तीच सगळ्यात झटपट, (६, ०) आणि (०, ४) तोंडी येतात. पण ती प्रत्येक समीकरणाला रेटायची नाही. आपल्याला क्ष निवडायचं स्वातंत्र्य आहे, ते वापर.

३क्ष − २य = ७ मध्ये क्ष आणि य दोन्ही पूर्णांक हवे असतील तर २य सम संख्या असणार, म्हणजे ३क्ष − ७ सम यायला हवं, म्हणजे क्ष विषम घ्यायचा. क्ष = १ घेतला तर य = −२. क्ष = ३ घेतला तर य = १. क्ष = ५ ला य = ४. क्ष = −१ ला य = −५. चारही पूर्णांक, चारही चौकटीच्या कोपऱ्यावर बसतात.

आता या चार जोड्या क्ष = −१ पासून क्रमाने लावून नीट बघ. क्ष प्रत्येक वेळी २ ने वाढतोय आणि य प्रत्येक वेळी ३ ने. २ आणि ३ कुठून आले? समीकरणातल्या सहगुणकांतून, फक्त अदलाबदल झालीय. क्ष चा सहगुणक ३, तेवढा य वाढला, य चा सहगुणक २, तेवढा क्ष वाढला. एक पूर्णांकी बिंदू हाती लागला की बाकीचे नुसते उड्या मारत मिळतात. मध्ये अधिक चिन्ह असेल, ३क्ष + २य सारखं, तर क्ष वाढताना य कमी होतो, बाकी सगळं तेच.

कधी कधी पूर्णांकी बिंदू मिळतच नाही. २क्ष + ४य = ५ घे. डावीकडे पूर्णांक घातले तर कायम सम, उजवीकडे ५. जमणारच नाही. तिथे अर्ध्यात जायचं: (०.५, १), (२.५, ०), (४.५, −१). सेंटिमीटर-मिलिमीटरच्या आलेख कागदावर अर्धा म्हणजे बरोबर पाच बारीक घरं, अंदाज करावा लागत नाही. तृतीयांश मात्र टाळ, दहा घरांचे तीन सारखे भाग होत नाहीत.

आणि हो, दोन बिंदू अगदी जवळजवळ घेऊ नकोस. (०, ४) आणि (१, ५) एवढ्यावर पट्टी ठेवलीस आणि पेन्सिलचं टोक अर्धा मिलिमीटर हललं तर कागदाच्या कडेला पोचेपर्यंत रेषा चांगली दोन-चार मिलिमीटर बाहेर जाते. बिंदू लांब लांब घ्यायचे, तिसरा मध्ये कुठेतरी.

---

दूरदेशी | मंगळवार, रात्री ८:४०

आम्ही न्यू जर्सीत असतो, मुलगा इथल्या शाळेत आठवीत आहे. इथे सारणीने फक्त ओळख करून दिली आणि लगेच स्लोप (रेषेचा चढ) आणि इंटरसेप्ट (रेषा उभा अक्ष कापते ती जागा) यांवर गेले. समीकरण आधी 'य बरोबर' असं मांडायचं. ताई, तुमचंच उदाहरण घेतलं तर २क्ष − ३य = ६ चं होतं य = (२/३)क्ष − २. शेवटचा −२ म्हणजे उभ्या अक्षावर कुठून निघायचं, आणि २/३ म्हणजे ३ घरं उजवीकडे गेलं की २ घरं वर. म्हणजे (०, −२) वरून निघा, (३, ०), मग (६, २), मग (९, ४). सारणी नाहीच. भारतात य = एमक्ष + सी लिहितात, इथे सी च्या जागी बी, बाकी फरक नाही.

माझ्या मुलाला हे खूप आवडलं कारण त्याला समीकरण बघूनच रेषा कशी दिसेल ते सांगता येतं. सारणीत भरपूर आकडेमोड होते आणि शेवटपर्यंत कळत नाही की रेषा वर जाणार की खाली. मला तर वाटतं आपल्याकडेही हेच आधी शिकवायला हवं.

---

खडू_फळा | मंगळवार, रात्री ९:०२

मी पूर्ण सहमत नाही. चढ आपल्याकडेही दहावीतच येतो, भाग २ मध्ये निर्देशक भूमितीच्या धड्यात, फक्त तो या धड्यापासून लांब पडतो आणि मुलं दोन्ही गोष्टी जोडत नाहीत, हे मात्र मला खटकतं. पण सारणी आधी हवी. सारणीतून एक गोष्ट कळते जी घरं मोजण्यातून कळत नाही: रेषेवरचा प्रत्येक बिंदू समीकरण पाळतो आणि रेषेबाहेरचा एकही पाळत नाही. आलेख म्हणजे हेच. ३ घरं उजवीकडे २ घरं वर हे पाठ केलेलं मूल रेषा झटकन काढतं, पण (१२, ६) या रेषेवर आहे का विचारलं की कागद लांबवायला लागतं. समीकरणात घाल ना, २४ − १८ = ६, आहे.

शिवाय सुरुवातीचा बिंदू किंवा पायरीच चुकीची धरली की पुढची सगळी टिंबं चुकतात आणि तरीही एका रेषेत येतात. तिथे साक्षीदारच उरत नाही.

---

दूरदेशी | मंगळवार, रात्री ९:३०

शेवटचा मुद्दा मी विचारात घेतला नव्हता. मग आम्ही असं करू, चढाने काढायचं आणि शेवटचा बिंदू समीकरणात घालून बघायचा. त्याला आत्ताच सांगतो.

---

ओळंबा | मंगळवार, रात्री ११:२०

बांधकाम साइटवर सुपरवायझर आहे, पुण्याजवळ. हा धागा वाचून राहवलं नाही. तुम्ही ज्याला चढ म्हणताय त्याला आम्ही ढाळ म्हणतो आणि आमचा रोजचा जीव त्याच्यात अडकलेला असतो. बाथरूमच्या फरशीला जाळीकडे ढाळ द्यायचा, आम्ही दहा फुटाला दीड इंच धरतो, म्हणजे १२० इंचाला दीड, ८० ला १. दारापासून क्ष इंच लांब गेलं की फरशी क्ष/८० इंच खाली गेली पाहिजे, म्हणजे य = −क्ष/८०, उणे का तर उतार आहे. व्हीलचेअरच्या रॅम्पला १२ ला १ च्या वर चढ द्यायचा नाही, दोन फूट चढायचं तर चोवीस फूट लांबी लागते, जागा नसली की मालकाशी वाद होतात, पण तिथे ऐकून चालत नाही कारण खुर्ची ढकलणाऱ्याचे हात भरून येतात आणि उतरताना खुर्ची धावते.

ताई, तुमच्या मुलीला हे सांगा. गवंडी दोन टोकांना खिळे मारतो आणि दोरी ताणतो. दोरी नेहमीच सरळ दिसते, एक खिळा चुकीच्या उंचीवर असला तरी सरळच दिसते. आमच्याकडे एका इमारतीत असंच झालं होतं, जाळीकडचा खिळा बराच वर लागला, दोरी एकदम ताठ, फरश्या एकदम दोरीबरोबर, आणि पाणी ओतलं तर सगळं दाराकडे. मधल्या जागेचं लेव्हल ट्यूबने (उंची ताडायची पाण्याची नळी) घेतलेलं माप कोणी मनावर घेतलं असतं तर त्याच दिवशी कळलं असतं, आम्हाला कळलं सगळं भरून झाल्यावर, मग फोडावं लागलं. ज्याने मधलं माप घेतलं होतं तो म्हणत होता की दोरीपेक्षा माझं माप वेगळं येतंय, तर त्याला सांगितलं की तुझं माप चुकलंय. त्याचं माप बरोबर होतं.

---

आंबेमोहोर | बुधवार, सकाळी ७:५०

हे तिला आत्ता चहा पिताना वाचून दाखवलं, ती काही बोलली नाही, वही घेऊन बसलीय आणि मागचे सगळे आलेख परत तपासतेय.

---

दोरा_आणि_टाचणी | बुधवार, दुपारी १:१५

मी दृष्टिहीन मुलांना गणित शिकवते. आमच्याकडे आलेख कागदाऐवजी रबरी चटईवर उठावदार चौकटी असतात, बिंदूच्या जागी टाचणी, रेषेच्या जागी दोरा. अक्षांना जाड दोरा, रेषेला बारीक. मुलं बोटांनी आरंभबिंदूपासून चौकटी मोजत जातात.

माझ्या वर्गात तिसरा बिंदू कसा तपासतात ते सांगते. पहिल्या आणि शेवटच्या टाचणीला दोरा ताणून बांधायचा आणि मधल्या टाचणीपाशी बोट न्यायचं. दोरा टाचणीला नुसता टेकलेला असेल तर बरोबर. टाचणीने दोरा ढकलून कोपरा झाला असेल किंवा टाचणी आणि दोरा यांच्यात बोट शिरत असेल तर कुठेतरी चुकलंय. मग मूल स्वतःच म्हणतं, बाई थांबा, मी परत करतो. टाचणी उपटून दोऱ्याजवळ लावायचा मोह त्यांनाही होतो, पण आमचा नियम आहे की टाचणी उपटायची असेल तर आधी आकडा तोंडाने म्हणून दाखवायचा.

आणखी एक, समीकरण सरळ रेषाच का देतं हा प्रश्न मुलं मला विचारतात आणि तो विचारायलाच हवा. मी त्यांना पायरीसारखं चाचपायला लावते. ३ चौकटी उजवीकडे, २ वर, परत ३ उजवीकडे, २ वर. प्रत्येक पायरी सारखी, म्हणून कोपरे एका सरळ दोऱ्यावर येतात. मग क्ष × य = १२ देते. (१, १२), (२, ६), (३, ४), (४, ३), (६, २), (१२, १). इथे पायऱ्या सारख्या नाहीत, पहिली ६ ने उतरते, पुढची २ ने, मग १ ने. दोरा ताणला की टाचण्यांपासून दूर राहतो, कितीही केलं तरी टेकत नाही. तेव्हा त्यांना कळतं की रेषीय हा शब्द समीकरणाला उगाच लावलेला नाही. क्ष आणि य एकमेकांना गुणलेले नसावेत, कोणाच्या डोक्यावर वर्ग नसावा, तरच पायऱ्या सारख्या पडतात.

---

मीटरडाऊन | बुधवार, रात्री ९:१०

मुलांना रोजचं उदाहरण हवं असेल तर रिक्षाचं भाडं घ्या. मुंबईत फेब्रुवारी २०२५ पासून पहिल्या दीड किलोमीटरला २६ रुपये आणि पुढे किलोमीटरला १७.१४. (सिग्नलला थांबल्याचे वेगळे लागतात ते सोडून देऊ, भाडं रुपयात पूर्ण करतात तेही सोडून देऊ.) आलेख काढला तर ० ते १.५ पर्यंत आडवी रेषा, य = २६, आणि तिथून पुढे तिरकी. म्हणजे दोन तुकडे.

तिरक्या तुकड्याचं समीकरण मांडलं, य = २६ + १७.१४(क्ष − १.५). कंस सोडवला की १७.१४ × १.५ = २५.७१, म्हणून य = १७.१४क्ष + ०.२९. साडेचार किलोमीटरला ७७.४२ येतात, दोन्ही पद्धतींनी. पण गंमत पुढे आहे. हा तिरका तुकडा पट्टीने मागे वाढवला तर तो उभ्या अक्षाला जवळपास शून्यावरच कापतो, २९ पैशांवर! टॅक्सीचं बघा, ३१ रुपये आणि २०.६६. दीडपट केली की ३०.९९. म्हणजे एक पैशावर. त्याआधीच्या रिक्षाच्या दरातही २३ आणि १५.३३, तेही तसंच.

मला इतकी वर्षं वाटायचं की कमीत कमी भाडं म्हणजे बसायचे वेगळे पैसे आणि मग किलोमीटरचे वेगळे. आलेख काढल्यावर कळलं की तसं नाहीये, दर पहिल्यापासून तोच आहे, फक्त दीड किलोमीटरच्या आत उतरलात तरी दीडचेच द्यायचे. बसायचे वेगळे पैसे असते तर रेषा उभ्या अक्षाला बरीच वर कापत आली असती. भाड्याच्या तक्त्यात हे लिहिलेलं नाही, पट्टी मागे सरकवली तेव्हा दिसलं.

---

खडू_फळा | बुधवार, रात्री ९:३२

हे उद्या वर्गात घेणार, तुमच्या परवानगीने. शेवटचं पद म्हणजे काय हे मुलांना सांगून सांगून थकतो, आता रिक्षात बसवतो.

---

रूळवाट | गुरुवार, सकाळी ११:४०

मी रेल्वेच्या कंट्रोल ऑफिसातून निवृत्त झालो. माझी नोकरीच सरळ रेषा काढण्यात गेली असं म्हटलं तरी चालेल. सेक्शन कंट्रोलरच्या टेबलावर मोठा छापील चार्ट असायचा, आडवी बाजू वेळेची, उभ्या बाजूला एकाखाली एक स्टेशनं अंतराच्या प्रमाणात. स्टेशन मास्तर फोनवर गाडीची वेळ सांगायचा, आम्ही टिंब द्यायचो आणि पट्टीने जोडायचो. एक्सप्रेस, पॅसेंजर, मालगाडी, वेगवेगळ्या रंगांच्या पेन्सिली. आता कॉम्प्युटर काढतो पण रेषा त्याच. ही कल्पना जुनी आहे, फ्रान्समध्ये १८७८ साली छापलेल्या मारे यांच्या पुस्तकात पॅरिस ते ल्याँ गाड्यांचा असा आलेख आहे, सगळं वेळापत्रक नुसत्या तिरक्या रेषांनी.

या चार्टवर रेषा जितकी उभट तितकी गाडी वेगात. आडवी झाली की गाडी उभी आहे. उलट दिशेच्या गाडीची रेषा उलटी झुकलेली, तुमच्या भाषेत ऋण चढ. आणि घाटातला चढ वेगळा, तो जमिनीचा. बोरघाटात आणि थळघाटात ३७ ला १ आहे, म्हणून मागून ढकलायला जादा इंजिनं लावतात, त्यांना बँकर म्हणतात. साइटवाल्या भाऊंच्या ८० ला १ शी ताडून बघा.

मुलीला एक गणित देतो. एकेरी मार्ग, दोन स्टेशनं ६० किलोमीटर अंतरावर. क्ष म्हणजे मिनिटं, य म्हणजे पहिल्या स्टेशनापासूनचे किलोमीटर. पहिल्या स्टेशनातून एक्सप्रेस निघाली, मिनिटाला १ किलोमीटर, तर य = क्ष. त्याच मिनिटाला पलीकडून मालगाडी निघाली, दोन मिनिटांना १ किलोमीटर, तर य = ६० − क्ष/२. दोन्ही रेषा काढ. पहिलीचे बिंदू (०, ०), (३०, ३०), (६०, ६०). दुसरीचे (०, ६०), (३०, ४५), (६०, ३०). त्या (४०, ४०) ला छेदतात. एकसामयिक समीकरणांची उकल म्हणून तू हेच लिहितेस आणि पुढच्या गणिताकडे जातेस. आमच्यासाठी तो छेदनबिंदू म्हणजे चाळिसाव्या मिनिटाला चाळिसाव्या किलोमीटरवर एकाच रुळावर समोरासमोर दोन गाड्या. तिथे स्टेशन नसेल, बाजूची लूप लाइन नसेल, तर तो बिंदू होऊच द्यायचा नाही.

समजा लूप ३० व्या आणि ४५ व्या किलोमीटरला आहेत. तीसला क्रॉसिंग केलं, म्हणजे एकीला लूपमध्ये थांबवून दुसरीला जाऊ दिलं, तर एक्सप्रेस तिसाव्या मिनिटाला पोचते आणि मालगाडी साठाव्या, म्हणजे एक्सप्रेस अर्धा तास तिष्ठत उभी. पंचेचाळीसला केलं तर मालगाडी तिसाव्या मिनिटाला पोचून लूपमध्ये जाते, एक्सप्रेस पंचेचाळिसाव्या मिनिटाला न थांबता पुढे निघते, मालगाडी पंधरा मिनिटं थांबते. म्हणजे मालगाडीच्या रेषेत १५ मिनिटांचा आडवा तुकडा घालायचा आणि छेद बरोबर लूपवर आणायचा. कोकण रेल्वे बरीचशी एकेरी आहे, तिथे अजूनही दिवसभर हेच चालतं. तुमची गाडी एखाद्या छोट्या स्टेशनात विनाकारण थांबली असं वाटतं तेव्हा चार्टवर कोणाची तरी रेषा येत असते.

आणि टिंब सरकवण्याबद्दल. आमच्याकडे गाडीची वेळ रेषेवर बसली नाही तर कधीही टिंब हलवायचं नाही, फोन परत उचलायचा. एकतर ऐकण्यात चूक झालीय किंवा गाडी खरंच कुठेतरी अडलीय. दोन्ही कळणं गरजेचं असतं.

---

आंबेमोहोर | गुरुवार, रात्री ९:५५

काका, काय सुंदर लिहिलंत. तिने दोन्ही रेषा काढल्या, मालगाडीचा आडवा तुकडाही घातला आणि पुढे परत तिरकी नेली, ती ६० व्या मिनिटाऐवजी ७५ व्या मिनिटाला तीसच्या लूपवर पोचते असं तिने स्वतः काढलं. आणि (४०, ४०) दोन्ही समीकरणांत घालून बघितला, मी न सांगता.

आधीचे आलेख तपासताना तिला अजून दोन ठिकाणी सरकवलेली टिंबं सापडली. त्यातल्या एकात खरंच आख्खी रेषा चुकली होती, तीन टिंबांपैकी पट्टी ठेवलेलं एक चुकलं होतं आणि बरोबरवालं तिने हलवलं होतं. अगदी सरांनी सोमवारी सांगितलं तसंच. तिने तो आलेख फाडला नाही, बाजूला दुसरा काढलाय.

आता तिचा प्रश्न आहे, तिच्याच शब्दांत लिहिते. "पुस्तकात क्ष = ३ चा आलेख काढायला दिलाय, ती उभी रेषा येते. आडवी रेषा म्हणजे गाडी थांबली. मग काकांच्या चार्टवर उभी रेषा म्हणजे काय?"

---

रूळवाट | गुरुवार, रात्री १०:२०

बेटा, आडवी बाजू वेळेची आहे. क्ष = ३ म्हणजे वेळ तिसऱ्या मिनिटावर खिळलेली आणि य काहीही. म्हणजे त्या एकाच क्षणाला गाडी शून्य किलोमीटरवर आहे, दहावर आहे, साठावरही आहे. अशी गाडी नसते. छत्तीस वर्षांत माझ्या चार्टवर एकही उभी रेषा आली नाही. छापलेल्या उभ्या रेषा असायच्या त्या वेळेच्या खुणा, गाड्या नव्हेत.

आता तिचा चढ काढून बघ बरं, (३, ०) आणि (३, १०) घेऊन.

---

आंबेमोहोर | गुरुवार, रात्री १०:३१

काढला तिने. वर १०, खाली ३ − ३. म्हणाली, "शून्याने भागायला लागतंय, चढ निघतच नाहीये," आणि मग वहीत (३, ०), (३, ५), (३, १०) असे तीन बिंदू देऊन रेषा काढली, शेजारी समीकरणात घालून बघितले. म्हणते य कुठे घालायचा, समीकरणात य नाहीच, म्हणून तो काहीही चालतो. आता य = −२ चा काढतेय.